न्यालिंग आत्याचा पहारा

न्यालिंग आत्या दुसऱ्याच्या घरात शिरते तेव्हा आधी तिचा आवाज येतो, मग नाक आणि सगळ्यात शेवटी पाय. आंबे उतरायच्या त्या दिवसांत ती रोज सकाळी तिच्या विहिणीच्या, म्हणजे तिदाबाईच्या आवारात यायची, चुलीवरच्या भांड्याचं झाकण उचलायची आणि डोळे मिटून वास घ्यायची.

“दाण्याचं कूट जास्त पडलंय आज. कुणाची पंगत आहे, विहीणबाई?”

“तुझ्या मयताची.”

“मग तिखट वाढव थोडं. मला तिखट आवडतं.”

असं म्हणून ती बरोबर दारासमोर बसकण मारायची. तिथून स्वयंपाकघर दिसतं, न्हाणी दिसते, मागची कुडाची वाट दिसते. तिदाबाई तिला उठ म्हणू शकत नव्हती. का, ते सांगायला थोडं मागे जावं लागेल.

आत्या म्हणजे माझ्या वडिलांची थोरली बहीण. तिला ओळीने तीन मुलं झाली आणि तिन्ही वर्षाच्या आत गेली. आमच्याकडे, सेनेगलच्या सीमेलगतच्या या खेड्यांत, अशा बाईला गावच्या बायका कान्येलेंग करतात. सोंगाडी म्हणा हवं तर. अंगात नवऱ्याची फाटकी विजार, गळ्यात जुन्या चपलांची माळ, डोक्यावर तुंब्याची अर्धी कवटी. लाज सोडायची, अधाशासारखं खायचं, इमामसाहेबांनाही तोंडावर चिडवायचं. म्हणजे मरणाला वाटावं, हिच्या घरातून नेण्यासारखं काही उरलेलंच नाही. कान्येलेंगला कुणी दारातून हाकलत नाही आणि तिने मागितलेलं कुणी नाकारत नाही. नाकारलं तर आपल्या पोरांवर येतं, ही भीती. मी बासे शहरातल्या शाळेत बारावीपर्यंत शिकलोय, इथल्या शाळेत गणित शिकवतो, असल्या गोष्टींवर माझा विश्वास नाही. पण आत्याने माझ्या ताटातला मासा मागितला तर मी देतो.

चौथ्या वेळी मुलगी झाली. तिला टोपलीत घालून उकिरड्यावर ठेवलं, शेजारणीने ‘अगं, हे काय टाकलंय इथं’ म्हणत उचलून आणलं आणि नाव ठेवलं केर. ती जगली. शाळेच्या दाखल्यावर वुरोकिया आहे, गावाच्या तोंडी केरीच राहिली. मोठी होऊन ती तिदाबाईची सून झाली. नवरा लांब राजधानीकडे, बांजुलला ट्रक चालवतो. त्यांची मुलगी सहा वर्षांची आहे. तिला आत्याचंच नाव दिलंय. ज्याचं नाव ठेवलं आणि ज्याला ठेवलं, त्या दोघांनी एकमेकांना ‘तोमा’ म्हणायचं ही आमची रीत. आजी नातीला तोमा म्हणते, नात आजीला. मी इथे फक्त मुलीला तोमा म्हणेन, नाहीतर तुमचा गोंधळ व्हायचा.

तर आत्याला संशय होता की तिदाबाई तोमाला झाडीत नेणार.

झाडीत नेणं म्हणजे मुलींची सुंता करणं. शब्द असा मऊ ठेवलाय की ऐकणाऱ्याला रक्त दिसू नये. कायद्याने ते बंद आहे. आठ वर्षांपूर्वी गावानेही पारावर सगळ्यांसमोर बंद केलं. फेंडा दार्बो ही आमच्या गावची कापणारी बाई. तिने त्या दिवशी तिची सुरी फडक्यात गुंडाळून शहरातून आलेल्या बायकांच्या हातात दिली. त्यांनी तिला मेंढ्या दिल्या. टाळ्या झाल्या, भाषणं झाली, मी आभार मानले. आत्या तेवढी मागच्या रांगेतून ओरडली, “सुरी दिली, ते दिसलं. हात कुठे दिले?”

सगळे हसले. कान्येलेंग हसवतेच. पण ती हसत नव्हती.

कारण पूर्वी हे काम ढोल वाजवून व्हायचं. वीस-वीस मुलींना एकदम न्यायचे आणि रांगेच्या पुढे कान्येलेंग नाचत असायच्या. पाण्याच्या घंगाळात तुंबा पालथा घालून बडवायचा, गाणी म्हणायची, अचकट विचकट सोंगं करायची. मुलींना हसू यावं म्हणून, आणि नंतर जे व्हायचं त्याचा आवाज बाहेर येऊ नये म्हणूनही. आत्याचा आवाज सगळ्यात मोठा, म्हणून तिला सगळ्यात पुढे ठेवायचे. केरी सात वर्षांची होती तेव्हाही पुढे आत्याच होती.

पुढे केरीचं पहिलं बाळंतपण तीन दिवस चाललं. मूल गेलं, केरी कशीबशी राहिली. दवाखान्यातल्या नर्सबाईंनी आत्याला बाहेर नेऊन सांगितलं की हे कशामुळे झालं. आत्याने ते ऐकून घेतलं, नर्सबाईंच्या डब्यातला भात मागून खाल्ला आणि त्यानंतर ती कधीही त्या कामाला नाचली नाही.

आता ढोल बंद, गाणी बंद. जे होतं ते चार भिंतींत, दोन-तीन बायकांत. आत्या म्हणायची, “पूर्वी आवाज आला की कळायचं. आता आवाज बंद झाला की कळतं.” म्हणून तिला गप्प माणसाचा संशय येई. कोण कुणाशी हळू बोलतंय, कुणाचं दार भरदिवसा लोटलंय, यावर तिचं बारीक लक्ष.

आणि आमच्यात मुलीला कधी न्यायचं हे बापाकडच्या बायका ठरवतात. आजी नाहीतर आत्या. आईला पुष्कळदा नंतर कळतं. म्हणजे आत्याच्या हिशेबाने चोर एकच, तिदाबाई. तिदाबाई तरी कुठे लपवत होती? “नेलं नाही तर सोलिमा म्हणून राहील पोरगी,” असं ती उघड म्हणायची. सोलिमा म्हणजे न कापलेली. आमच्याकडे दोन बायका भांडताना शेवटी हा शब्द काढतात आणि त्यानंतर बोलण्यासारखं काही उरत नाही. सोलिमाच्या हातचं खायचं नाही, असं जुन्या बायका मानतात.

अशा रीतीने पहारा सुरू झाला. सकाळी विहिणीकडे, दुपारी जेवण तिथेच, ऊन कलल्यावर फेंडाच्या मेंढ्यांकडे एक फेरी.

“फेंडा, नखं दाखव.”

“का गं, लग्न लावतेस माझं?”

“फार स्वच्छ आहेत. मेंढ्या वळणारीची नखं अशी नसतात.”

“मग जा, त्यांच्या खाली हात घालून बघ, दूध काढते का नाही मी!” फेंडा चिडायची, पण डोळ्यांत पाणी यायचं तिच्या. आत्याने त्या पाण्याचाही संशय घेतला.

संध्याकाळी घरी जायच्या आधी आत्या तोमाला जवळ ओढायची आणि तिच्या कमरेचे मणी चाचपायची. आमच्या मुलींच्या कमरेला जन्मापासून मण्यांचा सर असतो. झाडीत नेताना तो काढतात. गाठ तिने स्वतः मारलेली होती. गाठ जागेवर असली की आत्या तोमाच्या पोटात गुदगुल्या करायची आणि विजार सावरत निघायची.

मीही संशयातून सुटलो नव्हतो. एका शनिवारी मी बासेला गेलो होतो. येताना आत्याने मला रस्त्यातच धरलं.

“मास्तरा, पिशवी उघड.”

“आत्या, केरीताईची खरेदी आहे.”

“तिदाने मागवलं?”

“नाही गं, केरीताईने. मला स्वतः यादी दिली.”

आत्याने पिशवीत हात घातला होता, तो तसाच बाहेर काढला. “मग जा,” म्हणाली. वर एक आंबा घेतला माझा.

पिशवीत दोन वार पांढरं कापड, कापूस, जखम धुवायच्या औषधाची बाटली, लिमलेटच्या गोळ्या आणि दाढीची नवी पाती होती. पाती नवऱ्यासाठी, असं केरीताईने सांगितलं होतं. तिचा नवरा रमझानशिवाय घरी येत नाही आणि रमझान होऊन तीन महिने झाले होते. दाढीला दोन वार कापड कशाला लागतं, हाही प्रश्न मला पडला नाही. मी गणिताचा मास्तर.

त्यानंतरच्या शुक्रवारी दुपारी पुरुष जुम्याच्या नमाजाला गेलेले. मी का गेलो नव्हतो ते विचारू नका. तिदाबाईच्या आंब्याखाली मी चहा उकळत बसलो होतो. गावात कुत्रंसुद्धा भुंकत नव्हतं. आत्या नेहमीच्या जागी, पाय पसरून. तिदाबाई सावकाश भात निवडत होती. फारच सावकाश, असं आत्याचं मत.

“विहीणबाई, तोमा दिसत नाही.”

तिदाबाईने सूप खाली ठेवलं. “आता नाटक पुरे. तूच बोलावलंस ना तिला?”

“मी?”

“केरी म्हणाली, आईने नातीला बोलावलंय, दोन दिवस ठेवून घेते. मला कळत नाही होय? महिनाभर इथे ठाण मांडून बसलीस ती पोरीला शहरात पळवायची वाट बघत. मी रोज तिचे कपडे मोजते. कपडे कमी झाले की समजायचं, न्यालिंगने पोर नेली.”

म्हणजे इतके दिवस पहारा दोन्हीकडून चालू होता. दुसऱ्या वेळी हे ऐकून मी पोट धरून हसलो असतो. पण आत्या हसली नाही, उठलीही नाही. ती माझ्याकडे बघत होती.

“मास्तरा, त्या पिशवीत काय होतं?”

मी सांगितलं. कापड सांगितलं, कापूस सांगितला. पात्यांपाशी येईपर्यंत माझा आवाज मलाच ऐकू येईना.

“आणि या वेळी माझ्या घरात कोण असतं?” आत्याने विचारलं.

कुणीच नसतं. आख्ख्या गावाला ठाऊक होतं की न्यालिंग दिवसभर विहिणीच्या दारात बसलेली असते. गावात त्या वेळी सगळ्यात रिकामं, सगळ्यात शांत घर तिचंच होतं.

आत्याला मी धावताना पहिल्यांदाच पाहिलं. एका हाताने विजार धरलेली, गळ्यात चपला उडतायत. आणि मागे तिदाबाई! मला वाटलं, अडवायला धावतेय. तर ती ओरडत होती, “माझ्या घरची पोर, आणि मला न विचारता? मी काय मेले?”

आत्याच्या आवाराचं फाटक आतून दोरीने बांधलेलं होतं. कूड उंच, मी ढकलून पाहिलं, हलेना. आतून काही आवाज नाही. फक्त कोंबड्या, त्याही मागच्या बाजूला सैरावैरा पळत असल्यासारख्या.

मला वाटलं आत्या मुलीला हाका मारेल, शिव्या घालेल. तिने डोक्यावरची तुंब्याची कवटी काढली, फाटकाबाहेरच्या गुरांच्या पाण्याच्या टाकीत पालथी घातली आणि दोन्ही हातांनी बडवायला सुरुवात केली. आणि गायला लागली. तेच गाणं. मुलींना झाडीत नेताना म्हणायचं, आठ वर्षं गावात कुणी न ऐकलेलं.

त्या गाण्याचा अर्थ आमच्यात शेंबड्या पोराला कळतो. शेजारची बाई हातात उलथणं घेऊन बाहेर आली. दुसरी ओल्या केसांनी. मशिदीतला नमाज सुटलेला, पुरुष टोप्या सावरत वळले. तिदाबाईला गाणं अर्थातच पाठ होतं. तिने टाळ्या धरल्या, रागाने. मी तिला इतक्या तालात रागावलेली कधी पाहिली नाही. जे काम चोरून, मुकाट्याने व्हायचं होतं, त्याची मिरवणूक फाटकावर जमली.

मागच्या कुडावरून एक पांढरं फडकं गुंडाळलेली बाई उतरताना दोघांनी पाहिली. आमच्या गावची नव्हती. सीमेपलीकडून आलेली असावी. पलीकडे सेनेगलच्या बाजूला तिची सायकल होती म्हणे. आत्या मात्र गाता गाता गर्दीत फेंडाला शोधत होती. फेंडा धापा टाकत आली, मागे चार मेंढ्या.

“शोधतेस ना मला? बघ!” तिने दोन्ही हात आत्याच्या नाकासमोर धरले. शेणाने माखलेले. “आता नखं बघ!”

आत्याने बघितली. मग तुंबा वाजवायचं थांबवलं.

फाटकाची दोरी आतून सुटली. केरी उभी होती. कडेवर तोमा, तिच्या गालात लिमलेटची गोळी. केरीच्या मुठीत मण्यांचा सर. आत्याने नात ओढून घेतली, तिथेच खाली बसली, तिचा झगा वर करून पाहिलं. सगळ्या बायका पुढे वाकल्या. तोमा हसायला लागली, तिला वाटलं गुदगुल्या होणार.

काही झालेलं नव्हतं.

“तू?” आत्या मुलीला म्हणाली. “सगळ्या गावावर डोळा ठेवला मी. तू?”

“हो, मीच.” केरीने मान खाली घातली नाही. “तुला काय जातं, आई? तुला सगळं बोलायची मुभा, सगळीकडे खायची मुभा. मी सोंगाडीची पोर म्हणून वाढले. उकिरड्यावरून उचललेली केरी. माझ्या लग्नात तू वराच्या बापाच्या मांडीवर बसलीस! आता माझी पोर सोलिमा म्हणून वाढू दे? तिच्या हातचं उद्या कोण खाणार?”

“तुझं बाळ गेलं ते विसरलीस?”

“ते मी विसरेन? मला झाडीत नेताना पुढे कोण नाचत होतं, ते तू विसरलीस.”

“त्या दिवशी मी गात होते गं,” आत्या म्हणाली. मी तिला एवढ्या हळू बोलताना कधी ऐकलं नव्हतं. “मला तुझं ओरडणं ऐकू नाही आलं.”

“मी तुलाच हाका मारत होते.”

गर्दीतल्या बऱ्याच जणींनी उगाच आपापल्या पोरींना हाताशी धरलं. तुंबा टाकीत अजून हलत होता.

मग आत्या उठली. डोळे पुसले नाहीत, नाक मात्र विजारीला पुसलं. “विहीणबाई, भात झाला का?”

“या घोटाळ्यात भात कसला?”

“मला भूक लागलीय. आख्खं भांडं इथे आण. कान्येलेंग मागतेय.”

नाकारता येत नाही. भांडं आलं, दाण्याच्या रश्शासकट. मीच उचलून आणलं, माझी तेवढीच लायकी उरली होती त्या दिवशी. आत्याने तोमाच्या हातात पळी दिली. “वाढ, तोमा. सगळ्यांना. आणि सगळ्यांनी खायचं. मी मागतेय.”

आता झाली पंचाईत. सोलिमाच्या हातचं खावं, तर जुनं मोडतं. न खावं, तर कान्येलेंगला नकार दिल्याचं आपल्या पोरांवर येतं. बायका एकमेकींच्या तोंडाकडे बघायला लागल्या. उलथणंवाली म्हणाली, माझं जेवण झालंय. तीन-चार जणी हळूच मागे सरकल्या आणि गेल्या. फेंडाने पहिल्यांदा हात पुढे केला. धुतले नव्हते तिने, तसेच. आत्याने सरकून तिला जागा दिली.

तिदाबाई सगळ्यात शेवटी बसली. नातीने वाढलेल्या घासाकडे बराच वेळ संशयाने पाहिलं, जसं काही त्यातून कुणी उठून बोलणार आहे. मग तोंडात घातला.

“मीठ कमी आहे,” म्हणाली.

“तुझंच आहे,” आत्या म्हणाली.

केरीने खाल्लं नाही. मण्यांचा सर आईच्या मांडीवर टाकला आणि ती सासरी निघून गेली. त्या दिवसानंतर दोन महिने ती आईशी बोलली नाही. विहिणी मात्र बोलतात. तिदाबाई म्हणते, मोठी झाल्यावर बघू. आत्या विचारते, काय बघू? त्यावर त्यांचं भांडण दुपारपर्यंत पुरतं. गावातल्या ज्या बायका त्या दिवशी जेवल्याच नाहीत, त्यांची नावं आत्याला पाठ आहेत. त्यातल्या दोघींच्या घरात लहान मुली आहेत. आत्याच्या फेऱ्या आता तिथेही असतात.

मणी आत्याने त्याच दुपारी तोमाच्या कमरेला परत बांधले. रोज संध्याकाळी गाठ चाचपायची पद्धत चालूच राहिली. भात कापणीच्या सुमारास एकदा तिने हात लावला आणि ती थबकली. गाठ तिची नव्हती. मला हाक मारली, “मास्तरा, इकडे ये. बघ.”

पोरगी वाढत होती, सर आखूड झाला असावा. कुणीतरी तो काढून आठ-दहा नवे मणी ओवले होते, आणि दोरा दुहेरी घेऊन पक्की गाठ मारली होती.

“कुणी बांधली गं?” मी विचारलं.

“आईने,” तोमा म्हणाली. “म्हणाली, तुझ्या तोमाला सांग, सुटायची नाही.”

आत्याने गाठ नखाने ओढून पाहिली. दाताने पाहिली. सुटेना.

“माझ्यापेक्षा घट्ट आहे,” ती म्हणाली, आणि तोमाच्या पोटात गुदगुल्या केल्या.

दुसऱ्या दिवशी संध्याकाळी मी तिकडून जात होतो. आत्या तोमाला जवळ ओढून गाठ चाचपत होती.